बोहाड्याचे भाऊशेट

शहापूरच्या मुलींच्या शाळेवर माझी नेमणूक झाली, तेव्हा मला राहायला जागा मिळाली ती भाऊशेटांच्या गवताच्या वखारीला लागून. लढाई सुरू व्हायच्या चार-पाच वर्षं आधीची गोष्ट. मी विधवा, एकटी, नुकतीच ट्रेनिंग कॉलेजातून बाहेर पडलेली. गावात मला खोली द्यायला कुणी तयार नव्हतं. भाऊशेटांनी दिली. भाड्याचं विचारलं तर म्हणाले, वखारीत उंदीर फार झालेत, तुम्ही राहिलात की मांजर पाळाल, तेवढं पुरे. मी मांजर कधी पाळलं नाही आणि त्यांनीही तो विषय पुन्हा काढला नाही.

तेव्हाच ते सत्तरीच्या पुढे होते. नक्की वय त्यांनाही ठाऊक नव्हतं. कसाऱ्याच्या घाटातून पहिली आगगाडी वर चढली तेव्हा आपण आईच्या कडेवर होतो, एवढंच ते सांगत. उंच, सडपातळ, पाठीत किंचित वाकलेले. डोक्याला लाल पागोटं आणि खांद्यावर घोंगडी, ती उन्हाळ्यातही. धंदा गवताचा. डोंगराकडचं गवत कापून आणायचं, आटगावला दाबून त्याच्या गासड्या बांधायच्या आणि रेल्वेने मुंबईला घोड्यांसाठी पाठवायच्या. बापाने लावलेला धंदा त्यांनी वाढवला आणि त्यातून जे मिळालं ते आयुष्यभर एकाच गोष्टीवर घातलं. ती म्हणजे दुसऱ्यांचं गाणं आणि नाचणं.

गंमत अशी की त्यांना स्वतःला कसलीच कला येत नव्हती. तालाचा तर गंध नव्हता. भजनाला बसले की टाळी हमखास चुकीच्या जागी पडायची. शेजारचा माणूस हळूच त्यांचा हात धरून ठेवायचा आणि त्यांनाही त्यात काही वाटायचं नाही. मी एकदा धीर करून विचारलं, की मग तुम्हाला यात एवढं काय मिळतं? ते म्हणाले, "बाई, मला सैपाक तरी कुठं येतो? पण भूक लागतेच ना."

कुठलाही खेळ असो, पुढे मांडलेल्या खुर्चीवर ते कधी बसले नाहीत. मागे, म्हाताऱ्याकोताऱ्यांत आणि लेकुरवाळ्या बायांत आपली घोंगडी पसरून बसायचे. "छान" म्हणालेले मी ऐकलं नाही. फार आवडलं तर डोक्यावरचं पागोटं काढून मांडीवर ठेवायचे, आणि पागोटं उतरलं की नाचणाऱ्याला जे कळायचं ते कळायचं. कलावंताला त्यांच्याकडे जेवण असायचं ते खेळाच्या आधी. नंतर घातलं तर ती भीक होते, असं त्यांचं म्हणणं. कुणी त्यांना दानशूर वगैरे म्हटलं तर ते खरोखर चिडायचे. दान गाईला करतात, ब्राह्मणाला करतात. ही माझी हौस आहे, आणि हौसेचं पुण्य लागत नाही, म्हणायचे.

आमच्या शाळेला त्यांनी पेटी दिली तेव्हा गावात बरीच कुरकुर झाली. मुलींनी पेटीवर गायचं म्हणजे काय, असा प्रश्न घेऊन चार प्रतिष्ठित माणसं शाळेत आली. भाऊशेट तिथेच होते. त्यांनी वाद घातला नाही. मुलींना म्हणाले, रोज सकाळी म्हणता ती प्रार्थना म्हणा. मुली घाबरून एका सुरात म्हणाल्या, मी पेटी धरली. संपल्यावर भाऊशेटांनी त्या चौघांना विचारलं, की यातलं कुठलं अक्षर पेटीमुळे बिघडलं ते दाखवा, मी आत्ता पेटी उचलून नेतो. ते चौघं निघून गेले. पेटी राहिली.

पण त्यांचा जीव खरा अडकला होता तो डोळखांबकडच्या बोहाड्यात. बोहाडा म्हणजे देवांची सोंगं. उन्हाळ्यात, शेतं मोकळी असताना, पाड्यापाड्यांवरची माणसं मोठे लाकडी मुखवटे चढवून गणपती होतात, मारुती होतात, रावण होतात, आणि संबळ-सनईवर नाचतात. कोणतं सोंग कोणत्या घराने आणायचं हे पिढ्यान् पिढ्या ठरलेलं. डोळखांबच्या पुढे रानात एक पाडा होता. तिथले मुखवटे वाळवीने खाल्ले तेव्हा भाऊशेटांनी नवे करवून दिले. मुखवटे करणारा कारागीर पावसाळाभर त्यांच्या वखारीत राहिला होता म्हणे. नाचायला दगडी ओटाही त्यांनीच बांधून दिला. पाड्याने ओट्यावर त्यांचं नाव घालायचं ठरवलं, तर म्हणाले, "दगडावर मेलेल्याचं नाव घालतात. मला अजून बघायचंय."

त्या पाड्यावरचा लहानू त्यांना गवताच्या माळावर सापडला होता. गवत कापायला आलेल्या माणसांत तो होता. विळ्याच्या फटक्याबरोबर गात होता. भाऊशेट माळावर काम बघायला गेले आणि तिथेच गवतात बसले. दुपार कलली तरी उठेनात, तेव्हा मुकादमाला वाटलं शेटना ऊन लागलं. लहानूच्या घरात नरसिंहाचं सोंग होतं. मी ते पाहिलं आहे. एरवी हा माणूस इतका लाजरा, की माझ्याशी बोलताना खांबाकडे बघायचा. मुखवटा चढला की त्याच्या खांद्यांची ठेवणच बदलायची. खांबातून बाहेर येणारा नरसिंह तो असा यायचा, की पुढे बसलेली पोरं खरोखर मागे सरायची. त्या वेळी मी मागे वळून पाहिलं होतं. पागोटं मांडीवर होतं आणि भाऊशेट लहान मुलासारखे तोंड उघडं टाकून बघत होते.

एकदा मुंबईचे कुणी मोठे गृहस्थ शिकारीच्या निमित्ताने आले होते. त्यांनी नाच पाहिला आणि लहानूला मुंबईच्या एका प्रदर्शनात नाचवायचं म्हणाले. भाऊशेटांना आनंदाने काही सुचेना. लहानूला आणि वाजवणाऱ्यांना नवे कपडे शिवले, स्वतः आटगावला जाऊन गाडीत बसवून दिलं. थोड्याच दिवसांत मंडळी परत आली. लहानू ओसरीवर येऊन बसला. खूप विचारल्यावर बोलला, की लोक खात होते आणि बघत होते. नरसिंह अजून खांबातून निघाला पण नव्हता, तोच एका माणसाने घड्याळ दाखवून हात केला आणि वाजवणं थांबवायला सांगितलं. "देव अर्ध्यात उतरवला, शेट," तो म्हणाला. "आमच्याकं असा कवा कोन उतरवत नाय."

भाऊशेट त्या दिवशी जेवले नाहीत. पुढच्या आठवड्यात पाड्यावर जाऊन त्यांनी देवाची शांती करवली आणि पुन्हा कुणाला म्हणून कुठे पाठवलं नाही. पण त्यानंतर त्यांच्या बोलण्यात एक गोष्ट यायला लागली. म्हणायचे, आपण हात लावला की वस्तू बिघडते की काय, कळत नाही. हात लावला नाही तर वाळवी लागते.

घरात तोवर बदल झाला होता. त्यांचा एकुलता मुलगा आधीच गेला होता, बायको त्याच्याही आधी. नातू वसंत मॅट्रिक होऊन धंद्यात आला. मुलगा हुशार आणि मर्यादशील. आजोबांसमोर त्याने कधी आवाज चढवला नाही. भाऊशेटांनी सगळा कारभार त्याच्या हाती दिला आणि म्हणाले, आता मी फक्त बघणार. मुंबईत घोड्यांच्या जागी मोटारी येत चालल्या होत्या, गवताला पहिल्यासारखी मागणी नव्हती. मग लढाई सुरू झाली. पेट्रोल मिळेनासं झालं आणि मोटारी कोळशाच्या गॅसवर चालायला लागल्या. मागे भलामोठा बंब लावलेल्या त्या सर्व्हिस मोटारी पुष्कळांना आठवत असतील. कोळशाला सोन्याचे दिवस आले. वसंतने गवत सोडलं आणि मुरबाडच्या अंगाला, टोकावड्याच्या पुढे माळशेजच्या पायथ्याला रान घेऊन कोळशाच्या भट्ट्या लावल्या.

भट्टीवर माणसं लागतात. त्या वर्षी भात सरकारच्या सक्तीच्या लेव्हीत गेलं होतं, नाचणी पिकली नव्हती. डोळखांबकडचे पाडेच्या पाडे बायकापोरांसकट भट्टीवर गेले. त्यांत लहानूही गेला. उन्हाळा आला, आणि पाड्यावरून निरोप आला की यंदा बोहाडा नाही, नाचायला माणूस नाही.

माझी बहीण टोकावड्याला दिलेली. सुट्टीत मी तिच्याकडे निघाले होते, तर भाऊशेट म्हणाले, मीही येतो, भट्टीवर जायचंय. मुरबाडपर्यंत मोटारीने आणि पुढे बैलगाडीने आम्ही गेलो. त्यांच्या मांडीवर घोंगडीत गुंडाळलेलं काही होतं. मला वाटलं, नातवासाठी काही खायचं असेल. तो नरसिंहाचा मुखवटा होता. पाड्यावरच्या देवळातून त्यांनी तो मागून आणला होता. तो दिसला की माणसं आपोआप उठून येतील, असा त्यांचा हिशेब.

भट्ट्यांच्या जागी झाडं उरली नव्हती. मातीने लिंपलेले मोठाले ढीग, त्यांच्या भोकांतून निघणारा धूर, आणि त्यात फिरणारी काळी माणसं. कोण कुठलं ओळखू येत नव्हतं. वसंत तिथेच होता. त्याने आजोबांना खाटेवर बसवलं, पाणी दिलं, आणि शांतपणे सगळं ऐकून घेतलं. म्हणाला, मी कुणाला बांधून ठेवलेलं नाही. जायचं असेल त्याने जावं. मी नाही ठेवलं तर दुसऱ्या ठेकेदाराकडे जातील, तिथे पोटभर मिळणारही नाही. हे सगळं खरं होतं. भाऊशेटांनी मान हलवली.

मग लहानूला बोलावलं. तो आला, शेटच्या पाया पडला, आणि त्याच्या हाताचे काळे ठसे त्यांच्या पायांवर उठले म्हणून ओशाळला. भाऊशेटांनी बोहाड्याला चल म्हटलं. त्याने मागे वळून धुमसणाऱ्या ढिगाकडे पाहिलं. म्हणाला, "भट्टी पेटवलीय शेट. आता टाकून गेलो आन् कुठं माती फुटून वारा शिरला, त सगळ्यांच्या मेहनतीची राख व्हईल. यंदा नाय जमत."

भाऊशेटांनी घोंगडी सोडली. मुखवटा पाहून आजूबाजूची माणसं हात धुऊन जवळ आली. लहानू ओढ्यावर जाऊन तोंड-मान घासून आला. त्याने मुखवटा कपाळाला लावला, चढवला. वाद्य नव्हतं, एकाने डबा घेतला आणि संबळाचा ताल धरला. लहानूचे खांदे वर आले. मला वाटलं, आता तो निघणार. त्याने एक पाय उचलला, हुंकार द्यायला श्वास घेतला आणि त्याला खोकला लागला. मुखवट्याच्या आत तो खोकत राहिला. लाकडातून तो आवाज फार वेगळा येत होता. डबा वाजवणारा थांबला. दोघांनी मिळून मुखवटा काढला तेव्हा लहानूच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. ते खोकल्याचंच असावं. "धुराचं हाय शेट," एवढं तो म्हणाला आणि मुखवटा परत त्यांच्या मांडीवर ठेवला.

 परत येताना टोकावड्याला मी उतरले, तेव्हा भाऊशेट म्हणाले, "माझ्याच घरची भट्टी, बाई."

वसंतला त्यांनी काय सांगायचं? त्या कोळशावर घर चालत होतं. आमच्या शाळेचं गळकं छप्पर वसंतनेच नीट करून दिलं होतं. आजोबांनी एकदा जेवताना विषय काढला, तेव्हा वसंतने विचारलं, तुम्ही सांगा काय करू, तसं करतो.  भाऊशेट ताटावरून उठून माझ्या ओसरीवर येऊन बसले होते. नजर तोवर अधू झाली होती, मी त्यांना वर्तमानपत्र वाचून दाखवत असे. त्या दिवशी त्यांनी वाचू नका म्हटलं.

पुढच्या पावसात लहानूच्या खोकल्यातून रक्त पडायला लागलं. भाऊशेट त्याला रेल्वेने कल्याणला डॉक्टरांकडे घेऊन गेले. डॉक्टरांनी सांगितलं, कोरड्या हवेत ठेवा, दूध-अंडी द्या. पाड्यावर तेव्हा आठ-आठ दिवस सूर्य दिसत नव्हता. भाऊशेटांनी त्याला वखारीत आणून ठेवायचं ठरवलं, वसंतने लगेच एक बाजू रिकामी करून दिली. लहानू थोडे दिवस राहिला. पण त्याला तिथे झोप येईना. मला मरायचं त आपल्या घरी मरू द्या, म्हणाला. त्याला डोलीतून पाड्यावर नेलं आणि दसऱ्याच्या आधी तो गेला.

कळलं तेव्हा भाऊशेट मला म्हणाले, तो माळावर गात होता तेव्हा मी तिथून तसाच निघून गेलो असतो, तर काय झालं असतं? मी म्हटलं, तरीही भट्टीवर गेलाच असता. ते म्हणाले, "हां. गेला असता. पण मला माहीत नसता."

त्यांच्या वयाची म्हणावी अशी माणसं तोवर उरलीच नव्हती. मुखवटे करणारा गेला होता, संबळ वाजवणारा म्हातारा गेला होता, तमाशातला एक सोंगाड्या दर वर्षी त्यांना भेटायला यायचा तोही यायचा थांबला होता. लोक त्यांना दीर्घायुष्याचं गुपित विचारायचे. पूर्वी ते हसून म्हणायचे, मरायचं राहून गेलं. आता म्हणायचे, नाचणारे गेले, बघणारा उरला. हे उलटं झालं.

लढाई संपली त्याच्या पुढच्या वर्षी, एका दुपारी मी त्यांना वर्तमानपत्र वाचून दाखवत असताना लहानूची बायको सोनाबाई आली. बरोबर मुलगा होता, गोविंदा. मिसरूड फुटलेलं, बापासारखाच खांबाकडे बघणारा. तिने काम सांगितलं. वसंतशेट त्याला भट्टीवर घेत नव्हते, कोवळा आहे म्हणत होते. शेटनी शब्द टाकला तर घेतील.

भाऊशेटांना आधी नीट ऐकू आलं नाही असं मला वाटलं. पण त्यांना ऐकू आलं होतं. म्हणाले, भट्टीवर नको गो. इथं राहू दे. जेवेल, खाईल, बापाचं सोंग उचलेल.

सोनाबाईने पदराने तोंड पुसलं. ती रागावली नव्हती. तिने सावकाश सांगितलं, की याचं लगीन करायचं आहे. दुसऱ्याच्या घरी जेवणाऱ्याला पोरगी कोण देतो? आणि घरात धाकटी दोन आहेत. ती पण इथेच आणून ठेवू का?

"मी हाय ना गो अजून," भाऊशेट म्हणाले.

"तुमी हायेत, शेट," ती म्हणाली. "पन तुमच्या हातात काय नाय आता."

ती हे टोचून बोलली नाही. त्यांना बरं वाटावं म्हणूनच बोलली असावी, की तुमचा यात दोष नाही. भाऊशेटांनी दोन्ही हात मांडीवर उताणे ठेवले. मग त्यांनी वसंतला हाक मारली आणि नातवापुढे शब्द टाकला. आयुष्यात त्यांनी पुष्कळांसाठी शब्द टाकले होते, पेटीसाठी, ओट्यासाठी, कुणाच्या औषधपाण्यासाठी. या वेळी त्यांना वाक्य पुरं करता आलं नाही. वसंतनेच ते पुरं केलं, आणि गोविंदाला म्हणाला, सोमवारी लॉरी निघेल, बाजारापाशी ये.

भाऊशेट त्यानंतर आणखी काही वर्षं होते. त्यांच्या जाण्याची बातमी मला दुसऱ्या गावी कळली. तो दगडी ओटा अजून आहे असं ऐकते. त्यावर कुणाचं नाव नाही, म्हणून नव्या माणसांना तो कुणी बांधला हेही ठाऊक नाही. पेटी बरीच वर्षं शाळेत वाजत होती. पण मला त्यांचं शेवटचं दर्शन झालं ते त्या सोमवारीच, कारण माझी बदली भिवंडीला झाली होती आणि मीही त्याच सकाळी निघाले होते.

आग्रा रस्त्यावर बाजारापाशी माझी सर्व्हिस मोटार उभी होती. पेट्रोल अजून मोजूनच मिळत होतं, ड्रायव्हर मागच्या बंबात कोळसा भरत होता. रस्त्याच्या पलीकडे वसंतची लॉरी होती. तिच्यात पाड्यावरची माणसं, पोरं, मडकी, कोंबड्या असं सगळं दाटीवाटीने चढलं होतं. भाऊशेट वसंतबरोबर लॉरीपाशी उभे होते, त्यांच्या पाया पडायला सोनाबाईने गोविंदाला खाली उतरवलं. त्यांनी त्याच्या डोक्यावरून, मग तोंडावरून हात फिरवला, दिसत नसल्यामुळे चाचपून. तो पुन्हा वर चढला आणि लॉरी मुरबाडच्या दिशेने गेली.

मी उतरून त्यांना नमस्कार केला. त्यांनी मला ओळखलं, नीट जा म्हणाले, पण लक्ष माझ्याकडे नव्हतं. वसंतने त्यांचा दंड धरला होता. ऊन वाढतंय, घरी चला, म्हणत होता.

"परत कधी आणनार त्यांना?" त्यांनी विचारलं.

"पावसाच्या आधी, आजोबा."

मी मोटारीत येऊन बसले. ते तिथेच उभे होते. त्यांनी पुन्हा विचारलं, परत कधी आणणार. वसंतने पुन्हा सांगितलं, पावसाच्या आधी. जराही चिडला नाही तो. एक-दोन माणसं थांबून बघायला लागली होती. मोटार सुरू झाली, बंब गुरगुरायला लागला, आणि आवाज ऐकू येईनासे झाले. वळण येईपर्यंत मी मागे बघत होते. भाऊशेटांचे ओठ हलत होते, वसंत वाकून उत्तर देत होता, आणि ते पुन्हा विचारत होते.